थेम म्हणजे आणखी

ती बाई पुन्हा वाटीचा वास घेत होती.

केळफुलाच्या पाकळ्या लिंबाच्या पाण्यात सोडता सोडता लुआनं डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहिलं. स्वयंपाकाच्या वर्गाला आलेले चार पाहुणे लाकडी टेबलाभोवती उभे होते. तिघं उकडलेला कोवळा फणस चिरण्यात गुंतले होते. चिरत कसले, ठेचतच होते. चौथी मात्र, ती डेन्मार्कहून आलेली उंच, पिंगट केसांची मारेन, सुरी बाजूला ठेवून एकेक वाटी नाकाशी नेत होती. तिळाची हुंगली. अळंब्यांची हुंगली. आणि आता खारवणाची वाटी उचलून, डोळे मिटून, जशी काही देवीपुढची उदबत्तीच.

"खुए," लुआ सुनेच्या कानाशी पुटपुटली, "ही शिकायला आलीय की तपासायला?"

"आई, हळू. त्यांना आपलं थोडंफार कळतं."

"कळू दे की. विचार तिला, उंदीर सापडला का म्हणून."

खुए पाहुण्यांकडे वळून इंग्रजीत काहीतरी गोड बोलली. मारेन हसली. लुआला ते हसणंही पटलं नाही.

तिच्या संशयाला कारण होतं. गेल्या हिवाळ्यात इस्त्रीचे शर्ट घातलेले दोघे जण असेच शिकायला म्हणून आले होते. त्यांनी ना फणस चिरला ना तांदळाचं पीठ भिजवलं. अंगणातल्या रांजणाचे फोटो काढले आणि एवढंच विचारलं, की हे खारवण करता कसं? महिना गेला नाही तोच नदीपलीकडच्या नव्या हॉटेलात शाकाहारी स्वयंपाकाचे वर्ग निघाले. तेव्हापासून हुंगणारा माणूस दिसला की लुआच्या मनात पाल चुकचुकायची.

कारण जे काही होतं ते त्या रांजणातच होतं. मिठात मुरवलेल्या माशाच्या पातळ खारवणावाचून ह्वे शहरात घास उतरत नाही; म्हणून ज्यांनी मासा सोडला ते सोयाबीन आणि अननस मिठात मुरवून सोवळं खारवण करतात. देवळोदेवळी करतात, घरोघरी करतात. पण लुआच्या खारवणाची सर कशालाच नव्हती. ज्यानं त्यात भाताची वडी बुडवली त्यानं मान डोलावून एकच सांगितलं होतं, "अगदी खऱ्यासारखं!" प्रत्येक वेळी लुआ खाली बघून म्हणायची, "आमच्या सासूबाईंच्या हाताचा गुण." ते काही वरवरचं नव्हतं. सोयाबीन लुआ भिजवायची, अननस लुआ चिरायची. पण रांजण उन्हात सरकवणं, रोज सकाळी ढवळणं, वरची फडकी बदलणं हे काम पहिल्यापासून म्हातारीचं.

म्हातारी मागच्या ओसरीवर बसून पान कुटत होती. दात गेल्यापासून लहानशा पितळी खलबत्त्यात विडा कुटून खायची तिची सवय. टुक, टुक, टुक. तो आवाज दिवसभर घरात असायचा, घड्याळासारखा. कोणाच्या लक्षातही येत नसे.

घरात चुली दोन. पुढची लुआची, सोवळी. तिथं मासा नाही, कांदा-लसूणही नाही. मागच्या ओसरीवरची म्हातारीची आणि खुएची. तिथं रोज मासळी. भांडी वेगळी, पळ्या वेगळ्या, भांडी घासायचा काथ्यासुद्धा वेगळा. लुआचा डोळा त्या सीमेवर सतत असायचा, आणि खुए लग्न होऊन आल्यापासून तर जास्तच. पोरगी गुणाची होती, पाहुण्यांशी इंग्रजी तीच बोलायची. नवरा विन्ह दा नांग शहरात नोकरीला, तरी सासूजवळ राहिली होती. पण तिचं माहेर थुआन आनचं, समुद्रकाठचं, आणि बापाचा धंदा माशाच्या खारवणाचा! दर खेपेला माहेरहून एक बाटली यायची. लुआ ती बाटली ओसरीवर जाईपर्यंत नजरेनं पोचवायची.

आणखी एक गोष्ट या घराची. ह्वेमध्ये वडीलधाऱ्यांचं नाव तोंडानं घेत नाहीत, सुनेनं तर नाहीच नाही. आणि पंचाईत अशी, की म्हातारीचं नाव होतं थेम. थेम म्हणजे आणखी. चार मुलींवर पाचवी झाली तेव्हा तिच्या बापानं कपाळाला हात लावून तेच नाव ठेवलं होतं. त्यामुळे या घरात कोणाला आणखी भात हवा असेल तर त्यानं मुकाट वाटी पुढे करायची, नाहीतर दुसरा एखादा आडवळणाचा शब्द शोधायचा. लुआचा मुलगा विन्ह लहानपणी शेजारी जेवायला गेला आणि रिकामी वाटी पुढे धरून नुसता बसून राहिला, तेव्हा शेजारीण विचारायला आली होती, "लुआ, तुझं पोर बोलत नाही का गं?"

आज सकाळी चहाच्या वेळी या मारेननं, कुठून शिकून आली होती कोण जाणे, कप पुढे करून खणखणीत आवाजात म्हटलं होतं, "थेम!"

ओसरीवरून लगेच ओ आली, "काय गं? कोण हाक मारतंय?"

खुएनं तोंडावर हात धरला. पाहुण्यांना ती गंमत सांगितली तेव्हा तेही खूप हसले. लुआ मात्र आखडली. नाव घेतलं म्हणून नव्हे. परक्या माणसाला चुकायचा अधिकारच असतो. पण हिला आपल्या भाषेतला शब्द येतो, मग आणखी काय काय येतं? आणि येतं तर लपवते कशाला?

"आई, मी सकाळी सांगितलं होतं ना," खुए हळूच म्हणाली, "त्यांना मासा सोसत नाही. ओठ सुजतात, श्वास अडकतो. म्हणून त्या वास घेत असतील."

"सोसत नाही म्हणूनच तर माझ्याकडे आली ना? मग माझ्याकडे येऊन हुंगायचं काय?"

खुए जेवणाच्या बशा मांडायला वळली.

दुपारी सगळे जेवायला बसले. फणसाची कोशिंबीर तिळाच्या पापडावर घेऊन खायची, केळफुलाचं सार, आणि लहान लहान बशांत वाफवलेल्या तांदळाच्या वड्या. त्यांच्यावर खारवण घालायचं. मारेननं शेवटचा एक वास घेतला, समाधानानं मान हलवली आणि पहिली वडी खाल्ली. दुसरी खाल्ली. मग तिचा हात थांबला. तिनं जीभ ओठांवरून फिरवली, बोटानं ओठ चाचपला, आणि शांतपणे पिशवीतून एक गोळी काढून पाण्याबरोबर घेतली. बरोबरच्या बाईनं काहीतरी घाईघाईनं विचारलं. मारेननं हातानं 'थांब' केलं आणि खुएला अगदी सौम्य आवाजात एक प्रश्न केला.

खुएचा चेहरा उतरला.

"काय म्हणते?"

"आई... विचारतायत, खारवणात मासा आहे का?"

"मासा?" लुआ उभीच राहिली. "माझ्या चुलीवर? तिला म्हणावं, माझ्या डोक्यावरचे केस पिकले नव्हते तेव्हापासून या हातांनी मासा शिवलेला नाही. मला वाटलंच होतं! सकाळपासून ही काहीतरी शोधत होती. विचार, कोणी पाठवलंय. नदीपलीकडच्यांनी ना?"

"आई, त्यांच्या ओठाकडे बघा तरी."

लुआनं पाहिलं. वरचा ओठ एका बाजूनं फुगला होता, गालावर लाल चट्टे उठत होते. सोंग करणाऱ्याला रडू आणता येतं, ओठ सुजवता येत नाही. लुआचा संशय तिथं एक क्षण थबकला. मग वळला, आणि जिथं इतके दिवस जायचं होतं तिथं जाऊन बसला.

"तू," ती खुएला म्हणाली.

"मी?"

"परवा माहेरहून बाटली आणलीस ती कुठाय?"

"आजींना दिली! नेहमी देते तशी. तुमच्या रांजणाला मी हाततरी लावते का? तुम्हीच लावू देत नाही."

"पळी चुकली असेल. हात चुकला असेल. समुद्राकाठच्या माणसाला काय, पाणी नि खारवण सारखंच!"

"आई, मी नाही हो!" खुएच्या डोळ्यांत पाणी आलं. पाहुणे ताटांत बघू लागले. शब्द फारसे कळत नसले तरी भांडण कोणावर उलटलंय ते कळायला भाषा लागत नाही.

ते मारेनला बघवेना. आपल्यामुळे या पोरीला बोलणी बसतायत हे तिला समजलं, आणि मदत म्हणून तिनं आपल्याजवळची तुटपुंजी पुंजी बाहेर काढली. का म्हणजे मासा. हा शब्द तर तिला स्वतःच्या जिवासाठीच पाठ करावा लागला होता. आणि थेम म्हणजे आणखी, वरून घातलेलं. तिनं उठून अंगणातल्या रांजणाकडे बोट केलं, आणि मोठ्यानं, सावकाश, एकेक शब्द सुटा करून विचारलं,

"थेम... का?"

ओसरीवरचा टुकटुक आवाज थांबला.

तो थांबला तेव्हा सगळ्यांना कळलं की तो इतका वेळ चालू होता. मग काठी फरशीवर टेकल्याचा आवाज आला, आणि म्हातारी चौकट धरून दारात उभी राहिली. ओठ पानानं लाल, चेहरा पांढरा.

"हो," ती म्हणाली. "मीच. त्या पोरीला बोलू नकोस."

"आई, तुम्ही कशाला मध्ये..."

"साता समुद्रांपलीकडून आलेली बाई माझं नाव घेऊन विचारतेय. थेम, मासा? म्हणते. आता हिच्याशी काय खोटं बोलू? ही माणूस आहे की आणखी कोण, देवी जाणे." तिनं मारेनपुढे काठीसकट हात जोडले. "मीच घालते गं बाई, मासा. तुला एवढं लागेल असं माहीत असतं तर आज घातला नसता."

खुएला हसावं की रडावं कळेना. 'ती तुम्हाला विचारत नव्हती हो आजी' हे शब्द तिच्या ओठांवर आले, पण बाहेर पडून आता उपयोग नव्हता. लुआ तर उभ्या जागी लाकडासारखी झाली होती.

मारेनची सूज तासाभरात उतरली. जाताना लुआनं तिच्यासमोर कमरेत वाकून माफी मागितली. मारेननं तिचे दोन्ही हात धरले आणि खुएकरवी सांगितलं, की लहानपणापासून प्रत्येक ताट हुंगूनच जेवायची तिला सवय आहे, आईच्या हातचंसुद्धा. त्यात राग नसावा. आणि अननसाचा वास एवढा छान होता की तीच फसली.

पाहुणे गेले. खुए भांडी घेऊन नळावर बसली. लुआ ओसरीच्या पायरीवर आली. सासूकडे न बघता तिनं विचारलं,

"कधीपासून?"

"पहिल्या रांजणापासून."

पहिला रांजण! विन्ह तेव्हा अंगावर पीत होता. लुआचा नवरा तोआन काविळीनं इस्पितळात पडला होता, हळदीत बुडवून काढल्यासारखा. डॉक्टर नजर चुकवायला लागले होते. लुआनं क्वान आम देवीपुढे कपाळ टेकून नवस केला, हा उठला तर जन्मभर मांस-मासा खाणार नाही. आणि उठण्याची वाट न बघता, उधारी नको म्हणून, त्याच दिवसापासून मासा सोडला. तोआन उठला. घरी आला. मुलाला सायकल शिकवली, छप्पर शाकारलं, विन्हची शाळा संपलेली पाहिली. आणि मग एका सकाळी छातीत कळ येऊन गेला. ती मधली वर्षं देवीनं दिलेली होती, आणि देवीला लुआनं दिलेल्या शब्दावर ती उभी होती. लुआच्या आयुष्यात दुसरं मिरवण्यासारखं काही नव्हतं.

"मासा सोडलास नि तुझं दूध आटलं," म्हातारी म्हणाली. "पोर रडून रडून निळं पडायचं. तिकडे माझं पोर इस्पितळात, इकडे पोराचं पोर. तू देवीला शब्द देऊन बसलेली, तुला काय सांगणार? मग मी देवीलाच सांगितलं. म्हटलं, आई, हिचा नवस तू घे, आणि चमचाभर माझ्याकडे काणाडोळा कर."

"चमचाभर?"

"बरं. पळीभर."

"आणि दूध आलं, ते घरी आले, विन्ह भात खायला लागला, तेव्हा का नाही थांबवलंत?"

म्हातारीनं तिच्याकडे असं पाहिलं, जसं काही एवढी साधी गोष्ट हिला कशी कळत नाही.

"थांबवलं असतं तर चव बदलली असती. तुला कळलं नसतं होय?"

लुआ उठली. पुढे काही विचारायचं राहिलं नव्हतं.

त्या दिवसापासून तिनं वर्ग बंद ठेवला. भात, मीठ-तीळ, एवढंच जेवू लागली. आणि हुंगू लागली. चहा हुंगायची, सार हुंगायची, पिण्याचं पाणीसुद्धा. मारेनचं जे खटकलं होतं तेच आता तिला जडलं. ताटातला संशय मग मनात चढला. देवळातल्या जोगिणींचं खारवण तिला नेहमी फिकं लागायचं. बिचाऱ्यांना जमत नाही असं वाटून तिनं एकदा आपल्यातलं भांडंभर नेऊन दिलं होतं. त्यांनाही बाटवलं का? 'अगदी खऱ्यासारखं' म्हणून लोक मान डोलवायचे आणि ती खाली बघायची. खऱ्यासारखं कसलं, खरंच होतं ते! नवस जर पहिल्या घासालाच मोडला, तर तोआन वाचला कोणाच्या शब्दावर? आणि गेला तो कोणाच्या पापानं?

देव्हाऱ्यातल्या त्याच्या फोटोवरही तिचा संशय गेला. तो दोन्ही चुलींवर जेवायचा. एकदा भात कालवता कालवता म्हणाला होता, "तुझं सोवळं नि आईचं ओवळं, फारसा फरक लागत नाही बघ." तेव्हा ती लाजली होती. आता तिला वाटलं, याला माहीत होतं. फोटोतला तोआन काही सांगेना. तो हसण्याच्या बेतात होता, तो तसाच राहिला.

पौर्णिमेला ती खुएला घेऊन देवळात गेली. थोरल्या जोगीणबाईंना विचारायचं असं ठरवून गेली होती. बाई पौर्णिमेला प्रवचन करत, पण बोलून नव्हे, गाऊन. म्हातारा, किंचित फाटलेला आवाज; पण तो उचलला की आवारातली चिंचेची पानंसुद्धा हलायची थांबत असं लोक म्हणत. समोर लाकडी मासा, पोटातून पोकळ, आणि त्याच्या पाठीवर लयीत पडणारा ठोका. मासा पापणी मिटत नाही, म्हणून देवळात तो जागं राहण्याची खूण. लुआ इतकी वर्षं त्याच्यासमोर बसली होती. आज तिला त्याच्याकडे बघवेना. घरात मासा, देवळातही मासा!

बाई गात होत्या क्वान आमबद्दल. तिचं नावच ऐकणारी. जगातली प्रत्येक हाक ती ऐकते. हाकेला सोवळं नसतं, ओवळं नसतं. रडणाऱ्या पोराची हाक आणि पोरासाठी रडणारीची हाक, तिच्या कानी दोन्ही एका वेळी पडतात, आणि तिला हात आहेत हजार. एक इकडे देते, एक तिकडे.

ठोका पडत राहिला. शेजारच्या बायका डोळे पुसत होत्या. लुआनं मान वळवून खुएकडे रोखून पाहिलं.

"तू सांगितलंस यांना?"

"काय?"

"घरातलं."

"नाही हो आई! शपथ."

"मग यांना कसं कळलं?"

प्रवचन संपल्यावर प्रसादाला रांग लागली. जोगीणबाईंच्या पुढ्यात आल्यावर लुआनं हात जोडले, तोंड उघडलं, आणि "बाई, आवाज आज फार छान लागला होता," एवढंच बोलून पुढे सरकली.

संध्याकाळी घरी येऊन पाहते तर ओसरीवरची चूल गार. मासळीचं मातीचं भांडं घासून पालथं घातलेलं. खुएची बाटली बूच लावून कोपऱ्यात, उघडलेलीसुद्धा नाही.

"आजी तीन दिवस असंच करतायत," खुए म्हणाली. "नुसता भात नि उकडलेली भाजी. मला म्हणाल्या, तुझ्या आईला सांगू नकोस."

म्हातारी लुआच्या टेबलाशी येऊन बसली होती. घरात दोन चुली झाल्यापासून आपली चूल सोडून ती या बाजूला कधी जेवली नव्हती.

"हे काय चाललंय, आई?"

"तुझी वर्षं फेडतेय."

"माझी वर्षं? आई, वर्षं केवढी, तुमचं वय केवढं!"

"होतील तेवढी होतील. राहतील ती पुढच्या जन्मी देईन म्हणून सांगितलंय तिला. ती काही परकी नाही." म्हातारीनं हिरड्यांनी ओठ आत ओढले. मासळीच्या वासावर ती लहानाची मोठी झाली होती. बाळंतपणात, पुरात, लढाईच्या दिवसांतसुद्धा तिला भाताबरोबर निदान माशाचं डोकं तरी लागायचं. "पण तुझं जेवण फार फिकं आहे गं, लुआ."

"आहे खरं."

"नवीन रांजण घातलास तर मी हात लावणार नाही."

लुआनं भात वाढला. खुए समोर बसली. म्हातारीनं आपली वाटी उचलली. पण तोंडाशी न नेता दोन्ही हातांनी ती लुआपुढे धरली, जशी लहानानं मोठ्यापुढे धरायची.

"वास घे," ती म्हणाली. "मग जेवते. रोज घे. मला चालेल."

लुआ त्या वाटीकडे बघत राहिली. भाताची वाफ तिच्या तोंडावर येत होती. तिनं श्वास धरला. वाटी तशीच हातात घेतली, नाकाजवळ नेली नाही. पळीनं फणसाचे चार मऊ तुकडे त्यात घातले, वर थोडं सार घातलं. वाटीत अजून जागा होती. आणि जो शब्द तिनं सून म्हणून उंबरा ओलांडल्यापासून या घरात कधी उच्चारला नव्हता, तो पळी उचलता उचलता तिच्या तोंडून निघून गेला.

"थेम?"

खुएच्या हातातल्या जेवायच्या काड्या जागच्या जागी थांबल्या.

"ओ," म्हातारी म्हणाली, आणि वाटी घ्यायला हात पुढे केले.